प्रकल्प नोंदी: न निघणारी हवा

३ फेब्रुवारी

प्रश्न धाकट्याचा. "ताई, फुप्फुसात एकूण किती हवा मावते, ते घरी मोजता येईल का?" मी "येईल की" म्हणून मोकळी झाले. आता करून दाखवणे आले.

सुरुवातीला शब्द नीट लावून घेते. नेहमीच्या एका श्वासात जेवढी हवा आत-बाहेर होते तो टायडल व्हॉल्यूम, मोठ्या माणसात साधारण ५०० मिली. त्यानंतरही जोर लावून आणखी जी आत ओढता येते ती वरची राखीव हवा. नेहमीचा उच्छ्वास संपल्यावर पोट आवळून आणखी जी बाहेर काढता येते ती खालची राखीव हवा. या तिघांची बेरीज म्हणजे व्हायटल कपॅसिटी: छाती तुडुंब भरून, मग पार रिकामी होईपर्यंत सोडलेली हवा.

'पार रिकामी' हा शब्द मात्र फसवा आहे. कितीही जोर लावला तरी साधारण १ ते १.२ लीटर हवा आतच राहते. ही उर्वरित हवा. धाकट्याला हवी असलेली 'एकूण' क्षमता म्हणजे व्हायटल कपॅसिटी अधिक ही उर्वरित हवा; पुरुषात सरासरी ६ लीटरच्या आसपास, स्त्रीत ४.२ च्या आसपास. जी हवा बाहेरच येत नाही ती डब्यात कशी पकडायची? याचे उत्तर आज माझ्याकडे नाही. आधी बाहेर येते ती तरी मोजू.

५ फेब्रुवारी

यंत्र क्रमांक एक. पाच लीटरचा पारदर्शक कॅन, एक टब, एक मीटर जाड नळी. कॅनमध्ये मोजपात्राने २५० मिली पाणी ओतायचे, पट्टीवर खूण करायची, पुन्हा ओतायचे. वीस खुणा. काम कंटाळवाणे, पण पुढचा प्रत्येक आकडा याच खुणांवर उभा राहणार, म्हणून दोनदा केले. दुसऱ्या वेळी वरच्या तीन खुणा सरकल्या, कारण कॅन किंचित तिरका ठेवला होता.

मग कॅन काठोकाठ भरून, तोंड दाबून टबात उलटा. नळीचे टोक पाण्याखालून त्याच्या तोंडात. फुंकले की हवा वर चढते, पाणी खाली उतरते.

उतरलेले पाणी जाणार कुठे, हे लक्षात घ्यायला हवे होते. तीन लीटर हवा आत गेली म्हणजे तीन लीटर पाणी टबात आले, आणि टब आधीच भरलेला. बाकीची संध्याकाळ फरशी पुसण्यात गेली.

६ फेब्रुवारी

माझे सहा प्रयत्न, कच्चे आकडे लीटरमध्ये: २.४५, २.७०, २.६५, २.८५, २.८०, २.८५.

पहिले तीन कमी का, ते चौथ्या वेळी उमगले. एक, नाकातून हवा निसटत होती. नाकाला चिमटा लावल्यावर आकडा वाढला. दोन, 'संपली' असे वाटते तेव्हा ती संपलेली नसते. शेवटचा अर्धा लीटर अगदी हळू, पोटाचे स्नायू थरथरेपर्यंत येतो. धाकटा शेजारी उभा राहून "अजून, अजून, अजून" ओरडत होता. तपासणी केंद्रांतही तंत्रज्ञ हेच करतात, आणि ते उगाच नाही. हे मोजमाप माणसाच्या प्रयत्नावर चालते. ज्याने मन लावून फुंकले नाही त्याचे फुप्फुस कागदावर लहान दिसते.

म्हणूनच श्वास-तपासणीच्या २०१९ च्या अमेरिकन-युरोपीय मानकात किमान तीन स्वीकारण्याजोगे प्रयत्न मागितले आहेत, आणि मोठ्यांच्या बाबतीत सर्वांत मोठ्या दोन आकड्यांत १५० मिलीपेक्षा जास्त फरक नको. माझे शेवटचे तिन्ही त्यात बसतात.

दोन प्रयत्नांमध्ये निदान एक मिनिट थांबायचे, असे ठरवले. पाठोपाठ केल्यावर डोके हलके झाले. जोरजोरात श्वास घेतल्याने रक्तातला कार्बन डायऑक्साइड उतरतो, मेंदूच्या रक्तवाहिन्या आकुंचन पावतात. म्हणून सगळे बसूनच करायचे. नळीचे तोंड प्रत्येकाचे वेगळे. कॅनमधली हवा परत ओढायची नाही, कधीच नाही.

९ फेब्रुवारी

२.८५ हा आकडा खरा नाही. त्यात दोन चुका आहेत, आणि त्या एकमेकींच्या उलट दिशेने ओढतात.

पहिली दाबाची. फुंकून झाल्यावर कॅनमधली पाण्याची पातळी टबातल्या पातळीपेक्षा १२ सेंमी वर होती. म्हणजे आतल्या हवेवरचा दाब बाहेरच्यापेक्षा १२ सेंमी पाण्याइतका कमी. वातावरणाचा दाब समुद्रसपाटीला सुमारे १०३३ सेंमी पाण्याइतका असतो; तेव्हा हवा साधारण १.२ टक्के फुगलेली. २.८५ चे २.८२ झाले.

दुसरी तापमानाची, आणि ती बरीच मोठी. छातीतली हवा ३७ अंशांवर, वाफेने पूर्ण भरलेली. कॅनमधले पाणी २४ अंशांवर. हवा तिथे पोचताच गार होऊन आक्रसते, शिवाय वाफेचा काही भाग पाणी होऊन गळून जातो. ३७ अंशांना वाफेचा दाब ४७ मिमी पाऱ्याइतका, २४ ला साडेबावीसच्या जरा खाली. गणित केले तर गुणक १.०८ येतो. २.८२ गुणिले १.०८ म्हणजे सुमारे ३.०४ लीटर.

म्हणजे हा साधा गुणाकार केला नसता तर माझी पाव लीटरच्या जवळपास हवा हिशोबातून गळाली असती. थंड पाणी वापरणाऱ्याची आणखी जास्त.

१३ फेब्रुवारी

आज टायडल व्हॉल्यूम. सोपे वाटले होते. नेहमीचा श्वास, त्यात काय मोजायचे?

यंत्र एकने साफ निराशा केली. नळीचे टोक पाण्याच्या पातळीखाली ६ सेंमी आहे, म्हणजे प्रत्येक उच्छ्वासाला तेवढा दाब देऊन बुडबुडे ढकलावे लागतात. जोरात फुंकताना याची जाणीवही होत नाही. शांत श्वासाला मात्र तो धोंडा वाटतो. मग नळी वर सरकवून कॅनमधल्या हवेत नेली. आता उलटाच प्रकार: वर उचललेले पाणी खाली यायला बघते आणि छातीतली हवा ओढून घेते. माझा श्वास मी सोडतच नव्हते, कॅन काढून घेत होता.

आतली आणि बाहेरची पातळी सतत सारखी राहिली तरच श्वासाला काही जाणवणार नाही. त्यासाठी हवा भरेल तसा कॅन स्वतःच वर उठायला हवा. आणि इथे मला फुप्फुसाची हवा मोजायचे यंत्र बनवणाऱ्या जॉन हचिन्सनचे १८४६ मधले चित्र आठवले: पाण्यात उलटे बुडवलेले घंटेसारखे भांडे, आणि दोरीवरून लोंबणारी वजने. ती वजने आजवर मला शोभेची वाटत होती.

१४ फेब्रुवारी

यंत्र क्रमांक दोन. दुसऱ्या कॅनचा तळ कापून टाकला. झाकणाला भोक पाडून नळी बसवली, कडा सिलिकॉनने बुजवल्या. नव्याने खुणा. हा कॅन झाकण वर ठेवून पाण्याने भरलेल्या उंच पिंपात उभा बुडवला. वर कप्पी, दोरी, आणि दुसऱ्या टोकाला वाळूची पिशवी. वाळू मुठीमुठीने वाढवत नेली, कॅन आपणहून ना बुडेल ना उठेल इथपर्यंत. आता फुंकले की तो अलगद वर येतो. फार सुरेख दिसते.

तरी आकडा मोठाच. पाच उच्छ्वासांचे ३.४ लीटर, म्हणजे एकाचे ६८० मिली. कारण मी बघत होते. श्वासाकडे लक्ष गेले की तो बदलतो. झोपायचा प्रयत्न करणाऱ्याला झोप येत नाही, तसेच. शेवटी कॅनकडे पाठ करून बसले, हातात शब्दकोडे घेतले, आणि धाकट्याला सांगितले की मी कोड्यात रमले असे वाटले की तू गुपचूप पाच मोज. २.४ लीटर. एकाचे ४८०, गुणकासह ५२० मिली. त्याने माझ्या नकळत श्वासही मोजून ठेवले होते: मिनिटाला १४.

म्हणजे मिनिटाला ७.३ लीटर. पण ही सगळी हवा कामाची नाही. नाक, घसा, श्वासनलिका आणि तिचे फाटे यांत अडकलेली हवा वायुकोशांपर्यंत पोचतच नाही. ही मृत जागा वजनाच्या दर किलोला साधारण २.२ मिली धरतात. माझी १२० मिली. मग वायुकोशांना मिळते (५२० − १२०) × १४, म्हणजे ५.६ लीटर. आता समजा मी निम्मा श्वास दुप्पट वेगाने घेतला: २६० मिली, मिनिटाला २८. एकूण हवा तीच, ७.३ लीटर. वायुकोशांना मात्र (२६० − १२०) × २८, म्हणजे ३.९ लीटरच. धाप लागून उथळ श्वास घेणारा माणूस इतके कष्ट करूनही का गुदमरतो, ते या दोन ओळींच्या गणितात दिसले.

१६ फेब्रुवारी

खालची राखीव हवा: शांत श्वास सोडायचा, थांबायचे, मग उरलेली जोर लावून नळीत. बसून ०.८६ लीटर. आडवे पडून ०.४३. थेट निम्मी!

शांत श्वासाच्या शेवटी छाती जिथे थांबते ती एका ओढाताणीतली मधली जागा असते. फुप्फुस रबरासारखे आत आक्रसायला बघते, बरगड्यांचा पिंजरा बाहेर उघडायला बघतो. दोघांचे जोर सारखे झाले की थांबा. आडवे पडले की पोटातले अवयव श्वासपटलाला छातीकडे ढकलतात आणि ही जागा खाली सरकते. व्हायटल कपॅसिटी मात्र ३.०४ वरून २.९४, एवढाच फरक.

आडवे पडून नळी धरताना यंत्र दोनची दोरी एकदा कप्पीवरून सुटली. सिलिकॉन तगले.

१९ फेब्रुवारी

घरचे तिघे. बसून, दुरुस्त केलेले आकडे: मी (१५८ सेंमी) ३.०४, धाकटा (१७४ सेंमी) ४.६४, बाबा (१६८ सेंमी, वय ६४) ३.४०.

धाकटा दिवसभर छाती काढून फिरतो आहे. त्याला सांगितले, यात तुझे कर्तृत्व थोडेच, उंची फार. हचिन्सनने दोन हजारांहून अधिक माणसे मोजली आणि दाखवले की उंचीबरोबर व्हायटल कपॅसिटी सरळ रेषेत वाढते: पाच ते सहा फुटांच्या दरम्यान दर इंचाला आठ घन इंच. आपल्या एककांत दर सेंटिमीटरला ५२ मिलीच्या आसपास. आमच्या १६ सेंमीचे ८३० मिली होतात. उरलेल्या फरकात पुरुष-स्त्री हा मोठा वाटेकरी; त्याच उंचीच्या पुरुषाची छाती सरासरीने मोठी असते. 'व्हायटल' हे नावही हचिन्सनचेच. जगण्याची क्षमता या अर्थाने त्याने ते दिले, आणि आयुर्विम्यासाठी लोक या यंत्रावर पारखावेत असा त्याचा आग्रह होता. स्वतः मात्र १८५२ मध्ये सगळे सोडून ऑस्ट्रेलियाला गेला आणि १८६१ मध्ये फिजीत वारला.

आकड्याची तुलना कोणाशी करायची, यातच खोट शिरते. हचिन्सननंतर काही वर्षांतच सॅम्युअल कार्टराइट या अमेरिकन डॉक्टरने स्पायरोमीटर (हवा मोजायचे हेच यंत्र) गुलामांवर वापरला आणि कृष्णवर्णीयांची फुप्फुसे मुळातच दुबळी असल्याचा निष्कर्ष काढून गुलामगिरीचे समर्थन केले. उपासमार, धूर, कामाचा भार यांचा हिशोब त्यात कुठेच नव्हता. वंशानुसार वेगळी 'सामान्य' पातळी धरायची सवय पुढे यंत्रांच्या आत जाऊन बसली. 'सामान्य' आकडा काढायच्या २०१२ च्या जागतिक समीकरणांतही वेगवेगळे वांशिक गट होते. सर्वांना एकच समीकरण २०२२ मध्ये आले. म्हणून मी वहीत 'सामान्यच्या किती टक्के' हा रकाना आखलाच नाही.

बाबांचा चेहरा उतरला होता. "माझी हवा गेली कुठे?" या प्रश्नाचे उत्तर मला आवडले, म्हणून लिहून ठेवते: बहुधा कुठे गेलेली नाही. वयाबरोबर फुप्फुसाचा ताण सैल पडतो, बारीक श्वासनलिका उच्छ्वासात लवकर मिटतात आणि त्यांच्यामागची हवा आत कोंडली जाते. एकूण क्षमता फारशी बदलत नाही. व्हायटल कपॅसिटी घटते तेवढी उर्वरित हवा वाढते. माझे यंत्र फक्त ये-जा करणारी हवा बघते, म्हणून त्याला ती हरवलेली वाटते.

२२ फेब्रुवारी

पहिल्या सेकंदात किती हवा निघते, ते मोजायचा प्रयत्न. १९४७ मध्ये तिफनो आणि पिनेली यांनी हा विचार मांडला. दम्यासारख्या आजारात श्वासनलिका अरुंद होतात; एकूण हवा ठीक निघू शकते, पण वेळ फार घेते. म्हणून पहिल्या सेकंदाचा वाटा बघायचा. तो सत्तर टक्क्यांच्या खाली गेला तर अडथळ्याची शंका.

मोबाइलवर व्हिडिओ घेतला, सेकंदाला ३० चित्रे. कॅनने झटका खाल्ला, वर उसळला, पुन्हा खाली डुलला. तिसाव्या चित्रात पातळी नेमकी कुठे धरायची? तीन प्रयत्नांचे तीन भलतेच आकडे. जड कॅन, वाळूची पिशवी, घासणारी कप्पी. हे यंत्र घाईचे नाही. आकडे खोडले.

२७ फेब्रुवारी

आता उर्वरित हवा. हंफ्री डेव्हीने १८०० च्या सुमारास स्वतःवर एक युक्ती केली: मोजलेला हायड्रोजन श्वासात घेतला, तो आतल्या हवेत मिसळू दिला, आणि तो किती पातळ झाला त्यावरून आत किती हवा असेल ते काढले. पुढे रुग्णालयांत हीच युक्ती हेलियमने होऊ लागली, कारण तो रक्तात जवळजवळ विरघळत नाही आणि पेटतही नाही.

गणित सरबतासारखे आहे. ४ लीटरच्या यंत्रात १० टक्के हेलियम. शांत श्वास सोडून झाल्याक्षणी माणसाला यंत्राला जोडायचे. काही मिनिटांनी हेलियम ६.२५ टक्क्यांवर स्थिरावला, तर तोच ०.४ लीटर हेलियम आता ६.४ लीटरमध्ये पसरला आहे. ४ यंत्रातले, म्हणून २.४ माणसातले. त्यातून खालची राखीव हवा वजा केली की उर्वरित हवा उरली.

खोच अशी: जिथे हेलियम पोचतच नाही, अशा मिटलेल्या कोपऱ्यांतली हवा यात मोजली जात नाही. म्हणजे ज्यांच्या छातीत सर्वांत जास्त हवा कोंडलेली, त्यांचाच आकडा कमी येतो. त्यांच्यासाठी १९५६ मध्ये डुबॉय आणि सहकाऱ्यांनी बंद पेटीची पद्धत दिली. माणूस हवाबंद पेटीत बसतो, तोंडापुढची झडप बंद करतात, आणि तो बंद झडपेवर हलका श्वास घ्यायचा प्रयत्न करतो. छाती किंचित फुगते, आतला दाब किंचित उतरतो. या दोन 'किंचितां'वरून बॉइलच्या नियमाने (तापमान तेच राहिले तर हवेचा दाब गुणिले आकारमान कायम राहते) छातीतली सगळी हवा कळते, कोंडलेलीसुद्धा.

घरी हेलियम नाही, पेटीही नाही. बॉइलचा नियम मात्र फुकट आहे.

४ मार्च

छातीऐवजी बरणी. झाकणाला दोन नळ्या: एकीला मोठी सिरिंज, दुसरीला रंगीत पाणी भरलेली यू आकाराची बारीक नळी, दाब बघायला. आत किती हवा आहे ते फक्त धाकट्याला माहीत. पाणी त्याने ओतले आणि बरणीला कागद गुंडाळला. सिरिंजमधून २० मिली हवा आत ढकलायची, दाब किती वाढला ते बघायचे.

दाब वाढला ६.२ सेंमी. उत्तर: ३.३३ लीटर. धाकटा हसून लोळला, कारण बरणी काठोकाठ धरली तरी तीनच लीटरची.

बरणी प्लास्टिकची होती. दाबाने तिच्या भिंती फुगत होत्या, म्हणून दाब पुरता वाढत नव्हता.

७ मार्च

काचेची बरणी, पुन्हा कागद. २० मिली ढकलले. दाब आधी जरा जास्त चढला, मग उतरून स्थिर झाला. दाबताना हवा तापते, तिला निवू द्यावे लागते. ९.९ सेंमी. उत्तर २.१ लीटर. धाकट्याने कागद काढला: २.० लीटर.

शंभर मिली कुठून आले, याचा दोन तास शोध. गळती नाही. खुणा बरोबर. मग यू नळीकडे बघत बसले असताना कळले: दाब वाढला की तिच्यातले पाणी सरकते, आणि सरकलेले पाणी बरणीतल्या हवेला तेवढी जागा देते. नळीचा आतला व्यास ५ मिमी, पाणी एका बाजूला पाच सेंमीच्या जरा खाली सरकले, म्हणजे जवळजवळ १ मिली. हवा २० ने नाही, १९ ने दाबली गेली. पुन्हा गणित: २.० लीटर.

धाकट्याने लगेच विचारले, मग पेटीत बसलेल्या माणसाचे गाल फुगले तर? अगदी बरोबर. म्हणूनच ती तपासणी करताना माणसाला स्वतःचे गाल हातांनी धरून ठेवायला सांगतात.

१० मार्च

वहीतला माझा शेवटचा तक्ता, लीटरमध्ये. वरची राखीव १.६६. टायडल ०.५२. खालची राखीव ०.८६. व्हायटल कपॅसिटी ३.०४. उर्वरित हवा: मोजली नाही. एकूण: मोजली नाही.

धाकटा म्हणतो, उर्वरितच्या जागी पुस्तकातले १.१ लिही आणि बेरीज करून टाक, ४.१४ येते. मी पेन्सिलीने लिहिले, कंस टाकला. बाबांच्या रांगेत तेही लिहू दिले नाही.

पिंप रिकामे केले. बरणी त्याने ठेवून घेतली आहे, आता तिच्यात फुगा बसवणार आहे.